कोणत्या बाईले इचारलं?

नोकरीतल्या बऱ्याच घटना मी विसरलो आहे. काही वयामुळे, काही मुद्दाम. ही एक मात्र पाठ सोडत नाही. तिच्यात खून नव्हता, दरोडा नव्हता, रक्ताचा थेंबही नव्हता. उलट सगळे हसत होते, शाल होती, नारळ होता, फोटो निघाले होते. तरी नोकरीत सर्वांत मोठा धक्का कुठे बसला असं कोणी विचारलं, तर मला तीच सकाळ आठवते. माणसांची नावं मी देणार नाही. या प्रकरणात सगळा खेळ एका नावाचाच होता, पण तेही देणार नाही.

तेव्हा वाशीम जिल्ह्यातल्या एका ठाण्याचा कारभार माझ्याकडे होता. बदली होऊन फार दिवस झाले नव्हते. नव्या ठाण्यात अधिकारी पहिल्यांदा प्रलंबित गुन्हे बघतो, आणि प्रलंबित गुन्ह्यांत सगळ्यात जास्त भरणा नवरा-बायकोच्या भांडणांचा असतो. चोर सापडतो, निदान सापडल्यासारखा तरी वाटतो. संसाराच्या भांडणात मुद्देमालच नसतो. ठाण्याच्या व्हरांड्यात दोन बाकं होती. एकावर तिच्याकडचे बसायचे, दुसऱ्यावर त्याच्याकडचे, आणि मध्ये पाण्याचा माठ. एकमेकांची सात पिढ्यांची अब्रू काढून झाली की दोन्हीकडचे त्याच पेल्याने पाणी प्यायचे.

सासरच्या छळाचा गुन्हा, म्हणजे तेव्हाचं कलम चारशे अठ्ठ्याण्णव-अ, एकदा नोंदवला की फिर्यादीला मनात आलं म्हणून मागे घेता येत नाही. आता कलमांचे आकडे बदलले, पण पद्धत तीच आहे. दोन्ही बाजूंचा समझोता झाला तर नागपूरला उच्च न्यायालयाच्या खंडपीठात अर्ज करावा लागतो. तिथले सरकारी वकील ठाण्याला कळवतात: समझोता खरा आहे का, फिर्यादी बाई स्वखुशीने तयार आहे का, पडताळणी करून अहवाल पाठवा. बाईला बोलवायचं, जबाब घ्यायचा, अहवाल पाठवायचा. काम अर्ध्या तासाचं. आनंदाचंही, कारण एक प्रलंबित गुन्हा कमी होतो.

असंच एक पत्र नागपूरहून आलं. नवरा मालेगाव तालुक्यातला, किन्हीराजाच्या पुढच्या एका खेड्यातला. घरची शेती, संत्र्याची बाग, गावात वजन. फिर्यादी बाई कारंजा तालुक्यातली, धनजच्या बाजूची. आईवडील लहानपणी गेले, मामाने वाढवलं आणि मामानेच लग्न लावून दिलं. दोन-तीन वर्षांपूर्वी सासरच्यांनी तिला घराबाहेर काढलं, तिने फिर्याद दिली. पोटची मुलगी त्यांनी ठेवून घेतली होती. मुलीच्या ताब्यासाठी तिने वाशीमच्या कोर्टात अर्जही केला होता. आता मात्र समझोत्यात लिहिलं होतं की, बाई सासरी परत नांदायला आली आहे, नवरा, बायको आणि मुलगी एकत्र सुखाने राहत आहेत, सबब फौजदारी गुन्हा रद्द व्हावा आणि ताब्याचा अर्जही निकाली निघावा. वाचून बरं वाटलं. मी त्यांना ठाण्यात यायला निरोप धाडला.

आदल्या दिवशी ठाण्याच्या फोनवर एका बाईचा आवाज आला. मीच उचलला.

"सायेब, तो उद्याचा समझोता खरा नाई."

अशा प्रकरणात असे फोन येतातच. कोणाला तरी समझोता नको असतो. मी म्हटलं, "बाई, उद्या आम्ही फिर्यादीलाच विचारणार आहोत."

"कोनत्या बाईले इचारान?"

एवढंच बोलून तिने फोन ठेवला. मी शेजारच्या हवालदाराला सांगितलं. तो म्हणाला, "सायेब, कोनी तरी जळून राह्यलं. संसार जुळला की गावात दोन-चार जनाईच्या पोटात दुखतेच." मलाही ते पटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दोन गाड्या आल्या. पहिल्या गाडीतून गावचे पुढारी उतरले. गावातली भांडणं मिटवण्याचा त्यांना छंद होता, आणि मिटलेलं प्रत्येक भांडण पेपरात छापून आणण्याचा त्याहून मोठा. त्यांनी मला शाल पांघरली. वाशीमच्या उन्हात, लोकरीची. माझ्याकडे निवृत्तीपर्यंत इतक्या शाली जमल्या की आमच्या घरी उंदीरसुद्धा शाल पांघरून फिरत असतील. मग त्यांनी पोलीस आणि समाज ही एकाच रथाची दोन चाकं कशी आहेत यावर उभ्या-उभ्या भाषण केलं. दोन्ही चाकांना कोण ओढतं, ते राहून गेलं.

दुसऱ्या गाडीतून नवरा, त्याची आई, फिर्यादीचे मामा आणि स्वतः फिर्यादी उतरली. डोक्यावर पदर, हातभर हिरवा चुडा, कडेवर तीन-चार वर्षांची मुलगी. मामा पांढऱ्या टोपीतले, अंगाने बारीक, चेहरा पडलेला. मामांनीच ओळख करून दिली. "हे आमची भाची, सायेब."

मी बाईला समोर बसवलं, बाकीच्यांना बाहेर पाठवलं. सोबत महिला हवालदार होत्या. मी नेहमीचे प्रश्न विचारले. नाव? तिने सांगितलं, कागदावरचंच. नवऱ्याचं नाव? बरोबर सांगितलं. सध्या कुठे राहता?

"घरीच. सासरी."

"नवऱ्याविरुद्ध काही तक्रार आहे?"

"नाई जी."

"सासूचा त्रास?"

"नाई जी. सासूबाई माह्यासाठी चांगल्याच हाएत."

"कोणी धाक दाखवून आणलं का?"

ती थोडी हसली. "कायचा धाक जी? गाडीत बसवून आनलं."

तेवढ्यात मुलगी तिच्या मांडीवर सरकली आणि पदर ओढून म्हणाली, "आई, घरी चाल ना." त्या 'आई'ने माझा उरलासुरला संशय गेला. माणसं खोटं बोलतात हे आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवतात. लेकरू खोटं बोलत नाही हे मात्र आम्ही कोणी न शिकवता धरून चालतो. सोबत आधार कार्डाची झेरॉक्स होती, पण झेरॉक्सवरचा फोटो म्हणजे काळा ठिपका. त्यात माझा फोटो असता तरी खपून गेला असता. मूळ फिर्याद घेणाऱ्या हवालदार बाई केव्हाच बदलून गेल्या होत्या. मी जबाब लिहून घेतला, तिने सही केली, आणि ती बाहेर गेली.

मी अहवालावर सही करायला पेन उचललं आणि सहज खिडकीतून बाहेर पाहिलं.

व्हरांड्यात फोटो चालले होते. पुढारी म्हणाले, "मोठ्याईच्या पाया पड बाप्पा आता, शुभ काम झालं." ती वाकली. आधी पुढाऱ्याच्या, मग सासूच्या, मग मामाच्या पाया पडली. मामाने तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "सुखी राहा."

माझं पेन तिथेच थांबलं.

बाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. आमच्या वऱ्हाडात भाची मामाच्या पाया पडत नाही. मामा भाचीच्या पाया पडतो. भाची पाळण्यात असो की चार लेकरांची आई असो, भाच्या-भाचीला पाया पडू देणं म्हणजे मामाला पाप. माझी भाची माझ्यापेक्षा तीस वर्षांनी लहान आहे. ती घरी आली की मी वाकतो आणि ती ओशाळून मागे सरते. एखादी अजाण पोरगी चुकून वाकलीच तर मामा दोन्ही हातांनी तिला अडवतो. या मामाने अडवलं नाही. त्याने आशीर्वाद दिला. तो देताना त्याला काही चुकल्यासारखंही वाटलं नाही. सून घरातल्या मोठ्या माणसाच्या पाया पडते आणि तो आशीर्वाद देतो, तितक्या सहज.

म्हणजे त्या क्षणी, विचार न करता, दोघेही खरे वागले होते. ती त्याची भाची नव्हती.

संशय आला की तो चेहऱ्यावर येऊ द्यायचा नाही. मी बाहेर आलो, फोटोत उभा राहिलो, नारळ घेतला, सगळ्यांना निरोप दिला. अहवाल मात्र टेबलावर राहिला.

दोन दिवसांनी मी साध्या कपड्यांत मामाच्या घरी गेलो. मामा शेतात होता. मामीने खाट टाकली, चहा ठेवला आणि मी काही विचारायच्या आत, शेजारच्या घरात ऐकू जाईल एवढ्या आवाजात सांगून टाकलं, "आमाले काई माईत नाई सायेब! जे हाए ते तुमच्या कागदावर हाए!"

तो आवाज मी ओळखला. फोनवरचाच. मी तिला तसं म्हटलं नाही. आजवर कुठल्या कागदावरही लिहिलं नाही. इथे लिहितो, कारण ती आता हयात नाही. चहा संपवून निघालो तेव्हा ती फाटकाची कडी लावायला आली आणि कडीशी खटपट करत हळूच म्हणाली, "वाशीमच्या भाजीबाजारात पाहा. बागवानाच्या मळ्यातल्या बायकाईसंगं बसते. सांबाराच्या जुड्या बांधते."

सांबार म्हणजे आमच्याकडे कोथिंबीर. दुसऱ्या दिवशी सकाळी मी महिला हवालदारांना घेऊन बाजारात गेलो. गावालगतच्या मळ्यांतून माल उतरत होता, ऑटोवाले ओरडत होते. एका पोत्यावर बसून एक बाई भराभर जुड्या बांधत होती. सुतळी दाताने तोडायची, गाठ मारायची, जुडी मागे फेकायची. हवालदार बाईंनी तिला नाव विचारलं. तिने सांगितलं. तेच नाव, तोच नवरा, तेच सासर.

मी खाली तिच्यासमोर बसलो. "बाई, मी पोलीस आहे. तुमच्या केसचं बोलायला आलो."

"तारीख हाए का?" तिने हात न थांबवता विचारलं.

"तारीख नाही. तुमची केस मिटली म्हणतात."

"कोन मिटवली?"

"तुम्ही."

ती हसली. खरंच हसली. शेजारच्या बाईला म्हणाली, "आयकलं का व माय? म्या केस मिटवली म्हनते. मलेच खबर नाई!" शेजारीण म्हणाली, "मिटवली असन, झोपेत." दोघी हसल्या.

मी म्हटलं, "तीन दिवसांपूर्वी तुमच्या नावाची एक बाई आमच्या ठाण्यात आली होती. ती म्हणाली, मी सासरी नांदते, माझी काही तक्रार नाही. तुमचे मामा सोबत होते."

जुडी बांधणारे हात मंद झाले. "मामा?"

"आणि तुमची मुलगी होती. तिच्या मांडीवर."

हात थांबले. "कशी हाए? मोठी झाली?"

"झाली."

"मंग, बोलली काई?"

मला उत्तर टाळता आलं असतं. टाळलं नाही. "तिला आई म्हणाली."

हातातली सुतळी तिने बोटाला गुंडाळली, उलगडली, पुन्हा गुंडाळली. मग म्हणाली, "मले काढलं तवा तिचे दात येत होते. दुधाचे. सायेब, तेइनं माहं भांडंकुंडं ठेवलं, माहा पलंग ठेवला, मी काई म्हनलं नाई. आता माहं नाव बी दुसऱ्या बाईले घातलं का?"

आमच्या शिक्षणात पंचनामा शिकवतात. चोरीला गेलेल्या वस्तूचं वर्णन कसं लिहायचं ते शिकवतात. एखादी बाई जिवंत असताना तिची जागा, तिचं नाव आणि तिचं लेकरू असं सगळंच दुसऱ्या बाईच्या अंगावर चढवलं तर त्या मुद्देमालाचं वर्णन काय लिहायचं, ते मला माहीत नव्हतं. मी ठाण्यात परतलो.

मामाला बोलावलं. चौकशीत मी आवाज चढवत नाही. चढवला की माणूस आवाजाशी भांडतो आणि प्रश्न बाजूला राहतो. चहा पाजला, पीकपाण्याचं विचारलं. मग म्हटलं, "मामा, तुमच्या गावाकडे भाची मामाच्या पाया पडते का?"

त्याने कप खाली ठेवला. मग म्हणाला, "ध्यानातच नाई आलं सायेब."

"काय ध्यानात नाही आलं? पाया पडलेलं, की भाची दुसरी होती ते?"

"तेइनं सांगतलं, फक्त संगं ये. उभा राहा. माही पोरगी लग्नाले आली सायेब. चार ठिकानाऊन सोयरीक आली अन् वापस गेली. म्हनते, या घरातल्या भाचीनं सासरच्याईले पोलिसात देल्लं, यायची पोरगी बी देईन. मंग पुढारी म्हनले, हे केस मिटली तं तुमच्या पोरीचं जुळलंच समजा."

"मग भाचीलाच विचारायचं. तिला का नाही विचारलं?"

यावर त्याने मान वर केली. तो चिडला नव्हता. त्याला माझा प्रश्न खरोखरच कळला नव्हता. "तिले कायले इचारायचं सायेब? लग्नात होकार बी मीच देल्ला होता. तवा तं कोनी म्हनलं नाई का पोरीले इचारलं का म्हून. बैठकीत मी होतो, साखरपुड्यात मी होतो. सही बी माहीच चालली. आता मिटवायच्या टायमालेच ते काहून पायजे?"

मी गुन्हेगारांकडून पुष्कळ बचाव ऐकले आहेत. दारू होती, राग आला, मित्रांनी फसवलं. हा बचाव पहिल्यांदा ऐकला, आणि याला माझ्याकडे कायद्याचं उत्तर होतं, पण दुसरं कुठलंच नव्हतं. त्या खोलीत आम्ही जे-जे बसलो होतो, हवालदार, लेखनिक आणि मी, त्यांच्यापैकी किती जणांच्या लग्नात मुलीला विचारलं होतं, हे मी मनात मोजू लागलो आणि मोजणं अर्ध्यावर सोडून दिलं.

त्यानंतर त्या दुसऱ्या बाईला बोलावलं. या वेळी एकटीला. ती घाबरली होती, मी पुन्हा तेच विचारलं, "नाव?"

तिने पुन्हा तेच नाव सांगितलं.

"हे नाव कोणी ठेवलं?"

"घरी आली तवा. ताटात तांदूळ मांडले, यायनं आंगठीनं लिहिलं." आमच्याकडे नवी नवरी घरात आली की तिचं सासरचं नाव असंच ठेवतात. तांदळावर अंगठीने नवरा लिहितो आणि त्या क्षणापासून माहेरचं नाव संपतं. "सासूबाई म्हनल्या, हेच नाव ठेवू. पहिलीचं. पोरीले बी बरं पडन, अन् कागदं बी बदलवा लागनार नाई."

"पहिलीचं नाव तुम्हाला कसं चाललं?"

"ती वारली ना जी." ती सहज म्हणाली. "मेलेल्या सवतीचं नाव घेतलं तं तिची नजर लागत नाई म्हने. मी तिच्या नावानं अमावास्येले निवद बी ठेवतो."

महिला हवालदारांनी माझ्याकडे पाहिलं.

"बाई," मी म्हटलं, "ती वारली नाही. ती वाशीमच्या बाजारात सांबार विकते. काल मी तिच्याशी बोललो."

आधी तिला वाटलं, पोलीस काहीतरी डाव टाकतात. मग हवालदार बाईंचा चेहरा तिने पाहिला. तिचा हात आपोआप गळ्यातल्या पोतीवर गेला. "मंग," ती म्हणाली, "मंग मी कोन आहो?"

या पोरीला तिच्या माहेरहून, दुसऱ्या जिल्ह्यातून, विधुराशी लग्न म्हणून आणलं होतं. मंदिरात हार घातले होते. ठाण्यात आणताना सांगितलं होतं, लग्नाची नोंद आहे, साहेब विचारतील, सासरी त्रास आहे का, नाही म्हण. मी जबाब पुन्हा काढून वाचला. नाव खरं. नवरा खरा. राहते तिथेच. त्रास नाही. धाक नाही. त्या जबाबात तिचा एकही शब्द खोटा नव्हता. संपूर्ण खोटे जबाब मी बरेच पाहिले होते. पूर्ण खरा आणि पूर्ण बनावट असा हा एकच.

पुढारी दुसऱ्या दिवशी आले ते शाल न घेता. म्हणाले, "सायेब, मी तं फक्त फोटोपुरता आलो होतो." मला वाटतं, त्यांच्या आयुष्यातलं ते सगळ्यात प्रामाणिक वाक्य असावं.

तोतयेगिरीचा आणि फसवणुकीचा वेगळा गुन्हा नोंदवला. नवरा, सासू, पुढारी आणि मामा आरोपी. ती दुसरी बाई साक्षीदार. नागपूरला समझोता खोटा असल्याचा अहवाल गेला. त्या अहवालाच्या आधारे वाशीमच्या कोर्टाने मुलीचा तात्पुरता ताबा आईकडे देण्याचा आदेश केला, आणि हस्तांतर आमच्या ठाण्यात ठरलं.

त्या दिवशी खरी आई लवकर आली. धुतलेलं लुगडं, तेल लावलेले केस. हाताला कोथिंबिरीचा वास तसाच. दुसरी मुलीला घेऊन आली. मुलगी तिच्या पदरात तोंड लपवून उभी. एका हवालदाराने, चांगल्या हेतूनेच, मुलीला विचारलं, "बाई, तुही आई कोनती?"

मुलीने जिच्या पदरात ती होती तिच्याकडे बोट केलं.

मला वाटलं आता काहीतरी फुटणार. हवालदार दटावायला पुढे झाला, तशी खरी आई म्हणाली, "तिले काई म्हनू नका जी. खोटं नाई बोलली ते. तिनंच जेवू घातलं ना." आणि त्या दुसरीकडे वळून, "रात्री उठते का व?"

"उठते. पानी मांगते. पेल्यानं नाई पेत, तांब्यानं पेते."

"माह्यासारखीच."

दुसरी खाली बसली, मुलीचं तोंड हातात धरलं. "हे पाय, हे आई. मी मावशी. मी तुले भेटाले येईन." मुलीला काही पटलं नाही. ती रडायला लागली, आणि दोघीही. हवालदार माठाकडे गेला, पाणी पिऊन आला, पुन्हा गेला.

जाण्याआधी त्या दुसरीचा साक्षीदार म्हणून जबाब पूर्ण करायचा होता. लेखनिकाने विचारलं, "नाव?" सवयीने तिने ते नाव घ्यायला तोंड उघडलं. मग थांबली. समोर त्या नावाची खरी मालकीण बसली होती. तिने माहेरचं नाव सांगितलं, जरा अडखळत, बऱ्याच दिवसांत न वापरलेली वस्तू कपाटातून काढावी तसं. लेखनिकाला नीट ऐकू आलं नाही, तर तिने ते पुन्हा, मोठ्याने सांगितलं.

गोष्ट इथे संपायला हवी होती, पण पुढच्या हिवाळ्यात नागपूरहून पुन्हा पत्र आलं. समझोता. त्याच गुन्ह्यात. छळाची मूळ केस रद्द करण्यासाठी फिर्यादी तयार आहे. मुलगी कायमची आईकडे, घटस्फोट परस्पर संमतीने. तोतयेगिरीचा खटला सरकारचा, तो चालूच राहणार होता. मी पत्र दोनदा वाचलं. एवढं झाल्यावर ती मिटवते? मला राग आला. कुणाच्या बाजूने आला, ते मात्र सांगता आलं नसतं.

ती ठाण्यात आली, मामी आणि मुलगी सोबत. या वेळी मी नेहमीचा प्रश्न विचारला नाही. तक्रार आहे का, हे विचारलंच नाही. म्हटलं, "तक्रार काय होती, ते सांगा."

तिने सांगितलं. बराच वेळ सांगितलं. कुठल्या दिवशी कोणी काय म्हटलं, कुठल्या वेळी उपाशी ठेवलं, कुठल्या दाराबाहेर उभं केलं, दारात चप्पल कुठली राहिली. कागदावर जे होतं त्याच्या दुप्पट. मामी मान खाली घालून ऐकत होती. संपल्यावर मी विचारलं, "आता हे मिटवायचं?"

"हो जी."

"का?"

"केस चालली तं दर तारखेले मले तेच्यासमोर उभं राहा लागते. पोरगी माह्याजवळ आली. मले त्याची सजा नाई पायजे, मले माह्या सकाळी पायजेत. बाजार सकाळचाच असते."

मी ते तसंच लिहून घेतलं. अहवाल गेला, खंडपीठाने गुन्हा रद्द केला.

निवृत्तीनंतर तरुण अधिकारी भेटतात. मोठी भाषणं करण्याचं माझं वय झालं आहे; तरी त्यांना एवढंच सांगतो. समझोता तपासताना बाईला तक्रार मिटली का, असं विचारू नका. 'नाही' आणि 'हो' कोणीही म्हणेल, तिच्या जागी कोणालाही उभं करता येईल. तक्रार काय होती ते विचारा आणि ती सांगून होईपर्यंत ऐका. ज्याच्या अंगावरून गेलेलं असतं तोच ते सांगू शकतो. आणि आमच्याकडे दोन घरांचं ठरलं की दोन माणसांचं ठरलं असं आपण समजतो. मीही तसंच समजत होतो. मला तर त्या दिवशी शालही मिळाली होती.

तो शेवटचा जबाब देऊन ती ठाण्याबाहेर पडली तेव्हा फाटकापाशी मामा उभा होता. जामिनावर होता, बायकोला न्यायला आला होता म्हणाला. भाचीला पाहून त्याने टोपी काढली, पुढे आला आणि रीतीप्रमाणे तिच्या पायाशी वाकला.

तिने पाय मागे घेतले. मामीच्या कडेवरून मुलीला घेतलं आणि बस स्टँडच्या दिशेने चालू लागली.

मामा बराच वेळ वाकलेलाच होता.